राजूशेजारची जागा

"उठा."

डब्याचं झाकण हातात धरूनच दीपकनं मागे पाहिलं. डोक्यावर स्ट्रॉबेरीची पाटी, कमरेला खोचलेला पदर, आणि कपाळावर अशी आठी की सहावीच्या वर्गावर उभं राहून त्यालाही कधी जमली नव्हती.

"तुमचं शेत आहे का?"

"शेत नाही. ती माझी जागा आहे."

तो गडबडून दोन हात सरकला. जानेवारीतला रविवार होता. सुरगाण्याकडच्या डोंगरात भर दुपारीही ऊन अंगावर घ्यावंसं वाटत होतं. मोहाच्या झाडाखाली एकच दगड उभा होता, कमरेएवढा, आणि त्याच्या शेजारी एका माणसापुरती जागा स्वच्छ झाडून ठेवलेली. इतकी नेटकी जागा कुणीतरी राखून ठेवली असेल, हे त्या बिचाऱ्याच्या मनातही आलं नव्हतं.

"तुम्ही रोज इथे बसता?"

"अजून नाही बसले," ती म्हणाली. "मेल्यावर बसणार आहे."

प्रेमात पडायला कुणाला पाऊस लागतो, कुणाला गजरा. दीपकला एवढं वाक्य पुरलं. अर्थात हे त्याला कळलं तीन रविवारांनंतर. त्या दिवशी त्याला फक्त ठसका लागला, आणि तिनं पाटी खाली ठेवून त्याला पाणी दिलं.

ती ललिता. पाड्यावर सासूबरोबर राहायची, अर्धा एकर स्ट्रॉबेरी लावायची आणि सापुताऱ्याच्या रस्त्याला टेबल मांडून विकायची. तो निफाडचा, नाशिकरोडच्या एका शाळेत चित्रकलेचा शिक्षक. वय तेहतीस, द्राक्षबाग भावाकडे, स्वतःकडे एक मोटारसायकल आणि रंगाच्या पेट्या. त्यामुळे निफाडकडच्या मुलींचे बाप त्याच्याकडे चहा पिऊन परत जात. त्याचा नाद एकच — जुन्या दगडांवर पातळ कागद धरायचा, वरून मेणाचा खडू हलक्या हातानं फिरवायचा, की पुसट झालेलं कोरीवकाम कागदावर उमटून येतं. पाड्यामागच्या उतारावर असे चौतीस दगड ओळीनं उभे होते. ते बघायलाच तो आला होता.

त्या दगडांना पाड्यावर चिरा म्हणत. घरातलं माणूस गेलं की त्याच्या नावानं एक चिरा उभा राहायचा, आणि नवऱ्याशेजारी बायकोची किंवा बायकोशेजारी नवऱ्याची जागा मोकळी ठेवायची, ही पाड्याची रीत. ओळीच्या वरच्या टोकाचे दगड तर इतके जुने की कुणाचे ते कुणालाच माहीत नव्हतं. काहींवर कोरीवकामही नव्हतं, नुसतेच उभे. दीपक म्हणायचा, हे हजार वर्षांचे असतील, दोन हजारही असतील. ललिताची सासू तानुबाई ते ऐकून मान हलवायची. किती वर्षांचे ते तुम्ही मोजा, आपलेच हायेत एवढं मला पुरं, असं तिचं उत्तर.

मोहाखालचा तो एकटा चिरा राजूचा. ललिताचा नवरा. पाच वर्षांपूर्वी द्राक्षाच्या हंगामात पिंपळगावकडे मजुरीला गेला आणि तिकडेच चार दिवसांच्या तापात गेला. ललिता तेव्हा इथे भाताच्या पेंढ्या रचत होती. पाड्याबाहेर गेलेल्याचा चिरा ओळीत बसत नाही म्हणून तो वेगळा, झाडाखाली. तो उभा केला त्या दिवशी तिनं राजूला सांगितलं होतं... आता एकटा राहणार नाहीस, शेजारी मी आहे.

हे सगळं तिनं दुसऱ्या रविवारी सांगितलं, स्ट्रॉबेरीचे देठ खुडत खुडत. दीपकनं मध्ये एकही प्रश्न विचारला नाही. तिला हे आवडलं. मग त्यानं चिऱ्याकडे निरखून पाहिलं. वर सूर्य, चंद्र, आणि खाली —

"ही शेळी आहे का?"

"मोटारसायकल आहे," ती म्हणाली.

दगड कोरणाऱ्या म्हाताऱ्यानं जन्मभर घोडे कोरलेले. पण राजूला घोडा कशाला हवा होता? त्याला गाडी हवी होती, ती कधी झाली नाही. ललितानंच हट्ट धरला. म्हाताऱ्यानं सरपंचाच्या गाडीभोवती तीन फेऱ्या मारल्या आणि त्याच्या कुवतीप्रमाणे ही चाकांची शेळी कोरली. सांगता सांगता ललिता हसायला लागली. दगडापाशी हसताना तिला पहिल्यांदाच चोरट्यासारखं वाटलं नाही.

मग रविवार येत राहिले. तो चिरे कागदावर उतरवायचा, ती टेबलावरची स्ट्रॉबेरी तानुबाईवर सोपवून पाणी द्यायच्या निमित्तानं वर यायची. कागद उडू नये म्हणून एक कोपरा ती धरायची, दुसरा तो. कधी खडू देता-घेताना बोटं लागायची, मग दोघंही दगडाकडे जरा जास्तच लक्ष द्यायचे. तिच्या हातांना स्ट्रॉबेरीचा वास, त्याच्या हातांना मेणाचा. एकदा त्यानं विचारलं, एवढे दगड कशासाठी, माणसं तर गेली. ती म्हणाली, गेलेल्याशी बोलायचं तर कुठे बघून बोलायचं, हे कळायला नको का?

फेब्रुवारी सरत आला. स्ट्रॉबेरी बारीक व्हायला लागली. एका रविवारी ललितानं त्याची वही चाळली आणि थांबली.

"सर, चौतीस झाले. तीन आठवड्यांपूर्वीच झालेत."

"हो."

"राजूचा का सोडलात?"

तो खडूचा कागद सोलत राहिला. "तो झाला की इथे यायला कारण उरत नाही."

वाऱ्यानं मोहाची दोन पानं खाली आली. मग तोच पुढे बोलला. घरी तुमच्याबद्दल सांगितलंय, म्हणाला. आई दोन दिवस गप्प होती, तिसऱ्या दिवशी विचारलं, डोंगरातली माणसं नागलीची भाकरी खातात, तिला बाजरीची थापता येईल का. म्हणजे आईचं निम्मं झालं.

"आणि तुझं — तुमचं?"

पाड्यावर विधवेनं पुन्हा घर मांडायला कुणाची ना नव्हती. तानुबाईच्या बहिणीनंही मांडलं होतं. अडचण ती नव्हती, आणि ललिताला ती नीट ठाऊक होती. ती त्या झाडलेल्या जागेकडे बघत होती.

दीपकनंही तिकडे पाहिलं. "मी त्या जागेशी भांडायला नाही आलो. मेल्यावर तुम्ही इथेच या. मला फक्त तोपर्यंतची वर्षं द्या."

इतकं चांगलं तिच्याकडे कुणी कधी काही मागितलं नव्हतं. तरी तिनं नकारार्थी मान हलवली.

"मला असं दोघांत वाटून राहता येत नाही, सर. जिथे राहीन तिथे मी पूर्ण राहते. आणि त्याला मी सांगून बसले आहे. तिकडे तो एकटा गेला... इथेही एकटाच?"

त्यानं वाद घातला नाही. राजूच्या चिऱ्यावर कागद धरला, तिनं सवयीनं दुसरा कोपरा धरला, आणि ती चाकांची शेळी हळूहळू कागदावर आली. शाळेच्या सवयीप्रमाणे त्यानं कोपऱ्यात नाव आणि फोन नंबर घातला, कागद तिच्या हातात दिला आणि गाडीला किक मारली.

पुढचे दोन रविवार तो आला नाही. ललितानं टेबल मांडलं, वजन केलं, मोड परत दिली, सगळं नीट. फक्त चांगल्या फळांची एक पेटी ती बाजूला ठेवायची आणि संध्याकाळी ती तशीच घरी न्यायची. तानुबाईनं दोन्ही वेळा ती स्ट्रॉबेरी खाल्ली. तिला आंबट आवडत नव्हतं, तरी खाल्ली.

तिसऱ्या रविवारी तानुबाई लाकडं आणते म्हणून सकाळीच गेली ती दुपारपर्यंत परतली नाही. ललिता टेबल आवरून शोधायला निघाली. मोहाच्या बाजूनं पहारीचा ठण् ठण् आवाज येत होता.

राजूशेजारच्या जागेत खड्डा खणलेला. खड्ड्यात एक ओबडधोबड दगड उभा, त्याला खांदा लावून घामानं न्हालेला दीपक, आणि समोर पहार टेकून तानुबाई.

"डावीकडं झुकला, मास्तर. नीट धरा जरा. पोरांना तर रेघ सरळ काढायला शिकिवता."

"आई, हे काय?" ललिता पुढे धावली. "ती माझी जागा आहे."

"व्हती," तानुबाई म्हणाली. "आता माझी हाय."

पाड्यावरच्या दुकानदाराकडून राजूच्या चिऱ्याच्या त्या कागदावरचा नंबर लावून घेऊन तिनं मास्तरांना बोलावलं होतं. माझा एक दगड उचलायचा हाय, एवढंच सांगितलं. कुठला, कुठे, हे इथे आल्यावर कळलं, आणि तोवर पहार त्याच्या हातात होती.

ललिता म्हणाली, तुमची जागा तर मामंजींजवळ आहे, ओळीत.

तानुबाईनं खड्ड्यात माती लोटली, पायानं दाबली. मग पदरानं तोंड पुसलं.

"बुधाजवळ, तुझ्या मामंजीजवळ, त्याची आई हाय, बाप हाय, चार भाऊ हायेत. लय गोतावळा. जन्मभर त्याचं घोरणं ऐकलं, आता पुरं झालं." ती चाकांच्या शेळीवरून हात फिरवत थांबली. "हा एकटा हाय, हे तू म्हनतीस ते खरं. पर ललिते, तू त्याची लगीन झाल्यापासनं, मी त्याची पहिल्यापासनं. पोराला सोबत करायला आईपरीस कोन लागतं? माझा सबूद मी दिला त्याला. तुझा सुटला."

ललितानं दगडाला हात लावला. अजून कोरलेलं काही नव्हतं, वरच्या टोकाच्या जुन्या दगडांसारखाच नुसता उभा, उन्हानं तापलेला. मग ती तानुबाईच्या गळ्यात पडली आणि बराच वेळ तशीच राहिली. दीपक शहाणा माणूस, तो उगाच माती दाबत राहिला.

"पुरं," तानुबाई शेवटी म्हणाली. "मी काय आज मरत नाय. स्ट्रॉबेरीच्या दिवसांत दोघं येत जा, टेबल माझ्यानं एकटीनं होत नाय." आणि पहार खांद्यावर टाकून ती पाड्याकडे चालायला लागली. मागे वळून बघितलंही नाही.

दोघंच उरली. दीपकनं हातांची माती झटकली, डब्याची पिशवी उचलली, मग कुठे ठेवावी ते न कळून तशीच हातात धरली. या माणसाला इथे बसायची धास्तीच बसली होती.

ललितानं इकडे तिकडे पाहिलं. उताराच्या पलीकडे, ओळीपासून दूर, जिथे कुणाचाच चिरा नव्हता तिथे एका आंब्याची सावली पडली होती. ती तिकडे गेली. पायानं पाचोळा बाजूला केला, दोन माणसांपुरता.

"तुमच्या आईंना सांगा," ती म्हणाली, "बाजरी मला थापता येत नाही. शिकवावी लागेल."

तो जागच्या जागी उभा राहून हसत होता.

"बसा आता," ललिता म्हणाली.