बोटाएवढं भोक

आपटा गावातला तो बंगला मी गेल्या डिसेंबरात पाहिला. काम साधंच होतं, कागदी दारं दुरुस्त करायची. नाताळची सुट्टी, म्हणून सहा वर्षांच्या लेकीला, वल्लरीलाही घरून, करंजाड्याहून सोबत नेलं. तेवढं करायला नको होतं.

मालकांचे आजोबा वास्तुविशारद, तरुणपणी जपानात राहून आलेले. पाताळगंगेच्या काठी त्यांनी स्वतःसाठी हे घर बांधलं. खाली उतरलेलं छप्पर, गुडघाभर उंचीची लाकडी ओटी, आणि आत भिंतींऐवजी सरकती दारं, सागवानी चौकटींवर पांढरा कागद ताणलेली. फार देखणं घर. गावात त्याला कागदी बंगला म्हणत.

मधल्या खोलीच्या दाराला माझ्या कमरेच्या उंचीवर एक भोक होतं, बोटाएवढं.

"त्ये बुजवू नका, ताई," घराची राखण करणाऱ्या सोनाबाई हलकेच म्हणाल्या. "थोरल्या सायबांची पोर आजारी व्हती. ह्याच खोलीत आसायची. थुकी लावून बोटानं भोक पाडायची, नदी बगायला. तशीच गेली बिचारी... आमी दर दिवालीला नवा कागद लावतो, पन येक भोक ठेवतो. बगायला मिलालं का ती आत ऱ्हाते."

शहाण्याला शब्दाचा मार पुरतो. मी कुठली शहाणी! दुसऱ्या दिवशी गिऱ्हाईक घर बघायला येणार होतं आणि मला काम चोख हवं होतं. शिवाय माझा कागद नव्या धर्तीचा, प्लॅस्टिकचा थर दिलेला. ओला होत नाही, फाटत नाही. सोनाबाई जेवायला घरी गेल्या तशी मी जुना कागद सोलून काढला. आत रिकामी खोली, एक चटई, बस्स. नवा कागद ताणून बसवला आणि बाहेरून दार सरकवून लावलं.

दुपारचे दोन वाजले असतील. नदीकडचा वारा पडला होता. घरभर खळीचा आंबूस वास. मी हत्यारं आवरत होते, आणि कागदाला आतून काहीतरी घासू लागलं. हळू... थांबून... पुन्हा.

"वल्लरी, बोट लावू नकोस गं. खळ ओली आहे."

घासणं थांबेना. कागदावर बोटाच्या टोकाएवढा फुगवटा आला. आतून जोर वाढत होता, पण कागद फाटत नव्हता.

"वल्लरी, ऐकतेस ना?"

"काय गं आई?" ती माझ्या मागून, अंगणातून म्हणाली.

फुगवट्याचा तळवा झाला. मग कुणी गाल टेकावा तसा कागद पुढे आला... आणि दार सरकू लागलं. ब्लेड माझ्या हातात होतं. एक चीर दिली असती तरी पुरलं असतं. मी ते टाकलं, पोरीला उचललं आणि पळत सुटले.

चार दिवसांनी मालकांचा फोन आला. काम सुरेख झालंय, एकही भोक नाही, घर विकलं गेलं. सोनाबाईंनी मात्र काम सोडलं होतं. मी दोनदा ब्लेड घेऊन आपट्याला जाऊन आले. दोन्ही वेळा फाटकाला कुलूप.

परवा वल्लरी झोपेतून उठली ती कुरकुरतच. "आई, मी झोपले की डोळ्याला बोट नको ना लावूस. ओलं असतं..."

काल दुपारी मी तिच्या उशाशी बसून राहिले. ती गाढ झोपलेली, तिचे दोन्ही हात माझ्या हातांत. तिची उजवी पापणी हळूच आत दबली... थांबली... पुन्हा दबली.