मालगुजाच्या पायातले झेंडे

पक्ष्यांना सीमा नसते, असं महाराष्ट्र-कर्नाटक सीमेवरच्या माळगोंडवाडीच्या शाळेच्या भिंतीवर हातभर अक्षरांत लिहिलेलं आहे. मराठीत आहे आणि कन्नडातही आहे. वर कुठली ओळ आणि खाली कुठली, यावर दोन बैठका झाल्या, तेव्हा शेवटी दोन ओळींना दोन वेगळ्या भिंती दिल्या.

"श्रद्धाक्का, हलू नको! पाय बदलायलाय बघ!"

बांधावर पालथी पडलेली श्रद्धा हललेलीच नव्हती. हलत होता तो तिचा धाकटा भाऊ गोमटेश. दहा वर्षांच्या माणसाला मुंग्या जरा जास्तच चावतात.

तळ्याच्या उथळ पाण्यात तो एका पायावर उभा होता. काळ्या शेपटीचा मालगुजा! उंच पाय, वीतभर सरळ चोच आणि चेहऱ्यावर सरकारी कचेरीत नंबर लागायची वाट बघणाऱ्याचा भाव. त्यानं डावा पाय पोटात ओढून घेतला आणि उजवा खाली सोडला.

"भगवा!" गोमटेश कुजबुजला. "सकाळी तर पिवळा-तांबडा होता!"

"डाव्या पायात पिवळं-तांबडं, उजव्यात भगवं," शाळेच्या विज्ञानपेटीतली दुर्बीण डोळ्यांवरून न काढता श्रद्धा म्हणाली. "मोठ्यांनी एकेकच पाय बघितलाय. त्याचीच तर भानगड झालीय."

भानगड अशी होती. श्रद्धाचे काका बाळगोंडा आप्पा कन्नडवाले; ते रोज सकाळी पूर्वेच्या बांधावर फिरायला जात. त्यांना पाखराच्या पायात भगवा झेंडा दिसला. मराठीवाले भरमू मामा संध्याकाळी पश्चिमेच्या बाजूला म्हशी धूत. त्यांना कर्नाटकाचा पिवळा-तांबडा दिसला. हे दुसऱ्यानंच बांधलंय, याबद्दल दोघांच्याही मनात तिळमात्र शंका नव्हती. दोन दिवस गावात त्यावरून कडाक्याचं भांडण झालं. तिसऱ्या दिवशी दोघांचं आयुष्यात पहिल्यांदा एकमत झालं: पाखरू धरायचं आणि दोन्ही झेंडे काढून टाकायचे. उद्या सकाळी सात वाजता, मामांच्या मासे धरायच्या जाळ्यानं!

"आप्पा, जाळ्यात त्याचे पाय मोडतील!" श्रद्धानं सांगून बघितलं होतं.

"आपण जैन माणसं, बाळ," आप्पा शांतपणे म्हणाले होते. "मारणार न्हाय. अहिंसेनंच धरणार."

काडीसारखे पाय. अजून आठ-दहा दिवसांत त्याला उत्तरेकडं, पार बर्फाच्या मुलखाकडं उडायचं होतं. पाय मोडला की ना चरणं, ना उडणं. श्रद्धाला काल रात्रीचं जेवण गेलं नव्हतं.

"दुर्बीण दे गं," त्यांच्या टोळीतला तिसरा मेंबर मंथन म्हणाला. तो भरमू मामांचा भाचा, बेळगावच्या शहापूरचा. घरी यंत्रमाग असल्यामुळे जगातल्या प्रत्येक वस्तूकडं तो साडी म्हणूनच बघत असे. "हे कापड न्हाय. प्लास्टिकची कडी हाईत. आणि रंग तर लई जुना! उन्हात किती वर्षं राहिलं की भगवा असा फिका होतो, ते मला विचार."

"म्हणजे गेल्या आठवड्यात कुणी बांधलेलं न्हाय!" श्रद्धा ताडकन उठून बसली.

"आणि भगव्यावर काहीतरी लिहिलंय. एच... सात!"

"इंग्रजी?" गोमटेशचे डोळे विस्फारले. "म्हणजे ह्यात तिसरी पार्टी पण हाय!"

विज्ञानाच्या बाईंनी एकदा सांगितलेलं श्रद्धाला आठवलं. अभ्यासक लोक पक्ष्यांच्या पायांत कडी घालून सोडतात. कडी दिसली की अक्षरं आणि रंग कळवायचे. मंथननं दुर्बिणीला मोबाईल चिकटवून फोटो काढला. बाईंना फोन करून त्या अभ्यासकांचा पत्ता घेतला. ई-मेल गेली.

"उत्तर कधी येतंय?" गोमटेशनं विचारलं.

"दोन-तीन दिवस तरी लागतील, म्हणाल्या बाई."

"आणि जाळं उद्या सात वाजता!"

मालगुजानं चिखलात चोच खुपसून एक किडा काढला आणि गिळला. त्याला कसलीच घाई नव्हती.

दुसऱ्या दिवशी सात वाजता निम्मं गाव बांधावर हजर! भरमू मामा जाळं खांद्यावर टाकून आले. बाळगोंडा आप्पांनी अहिंसेसाठी एक मऊ टॉवेल आणला. मामांनी धोतर खोचलं, एक पाय पाण्यात घातला.

"मामा, एक विचारू?" श्रद्धा पुढं झाली. चेहरा अगदी भोळा. "पंचनामा कोण लिहिणार?"

"कसला पंचनामा?"

"दोन झेंडे जप्त करायचे म्हटल्यावर कागद नको? उद्या कोण म्हणालं, आमचाच झेंडा टाकून दिला, तर?"

"व्हय की," आप्पा म्हणाले. "कागद पायजेच."

"मग तो मराठीत लिहायचा का कन्नडात?"

मामांनी पाण्यातला पाय बाहेर काढला.

"मराठीत! त्यात विचारायचं काय?"

"भरमू, तळं सरकारी हाय. कन्नडात!"

"आणि आधी कुठला झेंडा काढायचा?" मंथननं हळूच विचारलं.

"आणि सही वर कुणाची?" गोमटेशनं शेवटचा चेंडू टाकला.

त्यानंतर मुलांना काही करावं लागलं नाही. बैठक पहिल्या दिवशी बांधावर झाली, दुसऱ्या दिवशी देवळात आणि तिसऱ्या दिवशी पंचायतीत. जाळं बांधावरच पडून राहिलं. त्यात एक शेळी अडकली, तिला सोडवण्यावरूनही मतभेद झाले. मालगुजा तीन दिवस पोटभर जेवला.

चौथ्या दिवशी उत्तर आलं! पंचायतीसमोर खुर्चीवर उभं राहून श्रद्धानं ते मोठ्यानं वाचलं. पाठवणाऱ्या अभ्यासक बाईंचं नाव सत्यवती. एच सात या पक्ष्याला एकोणीस वर्षांपूर्वी पूर्व किनाऱ्यावर कडी घातली होती, तेव्हाच तो पूर्ण वाढलेला होता. गेली अकरा वर्षं तो कुणालाच दिसला नव्हता. तो मेला असंच सगळे धरून चालले होते. तळी बुजतात, जाळी लागतात, त्याचे भाऊबंद दरवर्षी कमी होत चाललेत. तुमच्या गावानं त्याला जपलं, त्याबद्दल मनापासून आभार.

"जपलं" या शब्दाला भरमू मामा खोकले.

"एकोणीस वर्षं जाऊन-येऊन करतोय?" ते म्हणाले. "आमच्या मंथनपेक्षा मोठा हाय की रं हा! आणि मी त्याच्यावर जाळं टाकायला निघालतो."

"मीच टॉवेल घेऊन आलतो," आप्पा म्हणाले. एका जन्मात दोनदा एकमत! मामांनी जाळं गुंडाळलं. मालगुजा जाईपर्यंत त्या टोकाला म्हशी जाणार नाहीत, असं ठरलं. त्याचा कागद दोन्ही भाषांत झाला.

"पोरं लई हुशार निघाली," आप्पा श्रद्धाच्या डोक्यावर हात ठेवून म्हणाले. "पंचनाम्याचं सुचलं कसं गं तुला?"

"तुमच्याकडूनच शिकले, आप्पा."

आप्पांना त्याचा अभिमान वाटला.

सहाव्या दिवशी सकाळी तळं रिकामं होतं. दोन्ही पाय शाबूत घेऊन एच सात उत्तरेला गेला होता.

एवढं सगळं होऊनही गावाला एक प्रश्न सुटत नव्हता: नेमके हेच रंग कुणी निवडले, आणि का? दोन्ही बाजूंच्या आग्रहावरून गोमटेशनं तोही सत्यवतीबाईंना लिहून विचारला. उत्तर एका ओळीत आलं.

"त्या दिवशी डब्यात तेवढेच रंग शिल्लक होते."