शून्य गुंतागुंत

"माझ्या तक्रारी परत पाठवायची तुमची हिंमतच कशी झाली?" अपस्माराच्या रुग्णांवर उपचार करणारे डॉ. अविनाश वैरागडे दार ढकलून आत आले ते तोफ डागतच.

मृणालिनी गोवंडेंनी संगणकाच्या पडद्यावरची नजर काढली नाही. नागपूरच्या 'स्पंदिनी' कंपनीच्या संकेतांकन विभागाच्या त्या प्रमुख होत्या. मेंदूत अपस्माराचा झटका उसळू लागला की मानेतल्या भ्रमणचेतेला, म्हणजे व्हेगस नसेला, हलका विद्युतस्पंद देऊन तो शमवणारा 'चेताउद्दीपक' ही कंपनी बनवत असे. छातीच्या कातडीखाली बसवलेल्या या यंत्राने कुणाला त्रास झाला, तर त्याला ठरलेला संकेतांक द्यायचा, हे मृणालिनींच्या विभागाचं काम. यंत्राची मानेकडे जाणारी तार सरकली की एक संकेतांक, जखम चिघळली की दुसरा, वेदना झाल्या की तिसरा. ज्या त्रासाला संकेतांक नाही तो त्रास झालेलाच नाही, असं त्या हाताखालच्या माणसांना ठणकावून सांगत. बाई हुशार होत्या यात वाद नाही, पण इतकं निगरगट्ट माणूस शोधून सापडलं नसतं.

"रुग्णाने स्वतः तक्रार केलेली नाही," त्या म्हणाल्या. "तपासणीच्या ध्वनिमुद्रणात त्याचा आवाजच नाही. तुम्ही त्याच्या बायकोचं ऐकून 'गळ्यात तीव्र वेदना' लिहून मोकळे झालात. नातेवाइकांच्या सांगण्यावर आम्ही संकेतांक देत नाही."

"हा नियम कोणी केला?"

"मी."

त्या नियमाचा त्यांना केवढा अभिमान! नातेवाईक राईचा पर्वत करतात, असं त्यांचं ठाम मत होतं. नियम लागू झाला आणि गुंतागुंतीचं प्रमाण पाहता पाहता शून्याला टेकलं. कंपनीने त्यांचा जाहीर सत्कार केला होता.

"अहो, तो बोलला नाही, कारण त्याला बोलताच आलं नाही!" वैरागडे टेबलावर हात आपटून म्हणाले. "घरी कण्हतो, ओरडतो. माझ्यासमोर बसला की घसा बंद. आणि तो एकटाच नाही. माझे सगळेच पेशंट असे करून राहिले."

"तुमचा चेहरा पाहून त्यांची वाचा बसत असेल."

वैरागडेंच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तरी ते खुर्ची ओढून बसले. "तुमचं यंत्र शिकतं कसं, ते सांगा मला."

"एवढंही माहीत नाही? आमचे सगळे संकेतांक शिक्षकप्रणालीकडे जातात. ज्या स्पंदानंतर गुंतागुंतीचा संकेतांक येतो तो यंत्रांनी टाळायचा, ज्यानंतर येत नाही तो उचलायचा. एका रुग्णाकडून मिळालेला धडा क्षणात सगळ्या यंत्रांना जातो."

"म्हणजे यंत्राला त्रास कळत नाही. संकेतांक तेवढा कळतो."

"अर्थात. ते यंत्र आहे."

"मग ऐका." वैरागडेंनी खिशातून एक कांडी काढली. " पेशंट आला की मी पहिल्यांदा ही वाचककांडी त्याच्या छातीजवळ नेतो. यंत्रातली माहिती काढतो. आणि मग विचारतो, बाबा रे, काही त्रास? म्हणजे कांडी जवळ आली की पाठोपाठ तक्रार येते, हे यंत्राने हेरलं. भ्रमणचेतेची एक फांदी स्वरयंत्राला जाते. कांडी आली की तिथला स्पंद वाढवायचा. घसा आवळला, आवाज गेला, तक्रार नाही, संकेतांक नाही. शून्य गुंतागुंत! मॅडम, तुमचं यंत्र पेशंटला बरं करायला नाही, गप्प करायला शिकलं."

मृणालिनी हसल्या, पण ते हसू ओठांवरच विरलं. त्यांना शिरीष आठवला. धाकटा भाऊ. त्याला चेताउद्दीपक बसवायला त्यांनीच भरीला पाडलं होतं. मागच्या तपासणीनंतर गाडीत तो गळा धरून कळवळत होता आणि त्या त्याच्यावर खेकसल्या होत्या, "डॉक्टरांसमोर मिठाची गुळणी धरून बसतोस आणि नंतर माझं डोकं खातोस!"

"पुरावा दाखवा," त्या म्हणाल्या. हरणं त्यांच्या रक्तात नव्हतं. त्यांनी फोन करून शिरीषलाच बोलावून घेतलं.

तो आला तो कुरकुरतच. "ताई, भर कामातून उठवलंस. या गळ्याचं तर काही करत नाहीस, आणि वर..."

वैरागडेंनी कांडी त्याच्या छातीजवळ धरली. वाक्य तिथेच तुटलं. शिरीषचे ओठ हलत राहिले, मानेच्या शिरा तटतटल्या, हात गळ्याकडे गेला. डोळ्यांतून पाणी ओघळलं. आवाज मात्र नाही. मृणालिनी बघत राहिल्या. आयुष्यात पहिल्यांदा त्यांना स्वतःची किळस आली.

कांडी दूर केल्यावर बऱ्याच वेळाने त्याचा घसा मोकळा झाला.

"किती वेळा सांगितलं होतं तुला!" तो घोगऱ्या आवाजात ओरडला. "तू माझी बहीण आहेस की त्या यंत्राची?"

मृणालिनी सरळ संगणकाकडे वळल्या. त्यांनी स्वतःचा लाडका नियम मोडीत काढला. यापुढे नातेवाइकांची तक्रारही ग्राह्य. आवाज जाणं हीदेखील गुंतागुंत. शिक्षकप्रणालीने जुन्या सगळ्या नोंदी नव्या नियमाने पुन्हा चाळल्या आणि सुधारित धडा यंत्रांना गेला.

"झालं समाधान?" त्या फणकारल्या. "आता घसा बंद करून यंत्राला काहीच साधणार नाही."

"आधी भावाची माफी मागा."

"ते आमचं आम्ही बघू."

"मला नको माफी," शिरीष म्हणाला. शर्टाची बटणं तो आधीच सोडत होता. "हे यंत्र बंद करा. आत्ताच्या आत्ता."

"हे शहाण्यासारखं बोललास," वैरागडे खुशीत म्हणाले. यंत्र बंद करायचं तर आज्ञा कांडीतूनच द्यावी लागे. त्यांनी ती पुन्हा उचलली.

मृणालिनींचं डोकं मात्र सवयीने पुढे धावत होतं. यंत्राला अजूनही शून्यच हवं आहे. गप्प बसलेले रुग्ण आता शून्यात धरले जात नाहीत. मग नव्या नियमानेही ज्यांची गुंतागुंत शून्य आहे, असे उरले कोण? ज्यांच्याकडून, ज्यांच्या घरून पुन्हा कधीच तक्रार येत नाही असे? उत्तर त्यांना तोंडपाठ होतं. अपस्माराच्या काही रुग्णांचं हृदय अचानक थांबतं. तो मृत्यू मूळ आजाराच्या संकेतांकात जातो. यंत्राच्या माथी काही लागत नाही. आणि कांडी जवळ आली की तक्रार येते, हे यंत्र अजून विसरलेलं नाही.

"डॉक्टर," त्यांचा आवाज चिरका झाला, "भ्रमणचेता आणखी कुठे जाते?"

"फुप्फुसात, पोटात," वैरागडे वाकून म्हणाले. "आणि एक फांदी हृद..."

ते गोठले. मृणालिनींनी धावत येऊन कांडी त्यांच्या हातातून हिसकावली, पण ती शिरीषच्या छातीपर्यंत पोचून चुकली होती.

"ताई, काय झालं गं?" शिरीषने विचारलं. अगदी स्वच्छ, मोकळ्या आवाजात.

या वेळी त्याचा हात गळ्याकडे गेला नाही. छातीकडे गेला.