काचेची कांडी

मत्स्यालयात माझ्याकडे डंख मारणाऱ्यांचा विभाग आहे. जेलीफिश, पोवळी आणि समुद्रफुलं. समुद्रफूल नावालाच फूल. खडकाला चिकटून बसलेला तो प्राणीच, जेलीफिशच्या गोतावळ्यातला, आणि पाकळ्या वाटतात त्या त्याच्या सोंडा. प्रत्येक सोंडेत बारीक डंख गुंडाळून ठेवलेले असतात. जिवंत कातडीचा वास आणि स्पर्श एकत्र झाला की ते आपोआप सुटतात. कोरी काच लागली तर सुटत नाहीत, स्वतःचीच दुसरी सोंड लागली तरी नाहीत. मेंदूच नाही, त्यामुळे राग-लोभ नाही. माणसांपेक्षा मला ही मंडळी म्हणूनच बरी वाटतात.

माझा नवरा पाणबुड्या. जहाजांच्या बुडाला चिकटलेले शिंपले खरवडायचं त्याचं काम. मागे एकदा त्याची हवेची नळी जहाजाखाली अडकली. वर काढला तेव्हा तो निळा पडला होता. डॉक्टरांनी आशा सोडली, आणि हा पठ्ठ्या उठून बसला! बातमी सांगायला आलेल्या नर्सच्याच गळ्यात पडून मी रडले होते.

घरी आलेला नवरा आधीपेक्षा गुणी निघाला. आदळआपट बंद. भांडी स्वतःहून घासायची, आमच्या चिंगीला रोज समुद्रात पोहायला न्यायचं. मी सासूबाईंजवळ कुरकुरले, "आई, हा फारच शांत झालाय हो."

"पोरगा सुधारला तर तुझ्या का पोटात दुखतंय?" त्या म्हणाल्या.



मग एकदा तो माझा विसरलेला डबा द्यायला मत्स्यालयात आला. मी शिडीवर उभी राहून टाकी साफ करत होते. हातातला चिमटा निसटून खाली समुद्रफुलांच्या गर्दीत पडला. मी काही बोलायच्या आत त्यानं बाही सारली आणि कोपरापर्यंत हात घातला. मी किंचाळलेच. लग्नानंतर एकदा अशीच एक सोंड त्याला नुसती घासून गेली होती, तर हात टम्म सुजून दवाखान्यात ठेवावं लागलं होतं. तेव्हापासून तो टाक्यांच्या आसपास फिरकत नसे.

त्यानं चिमटा काढून दिला. हातावर साधा ओरखडासुद्धा नव्हता.

"पाणी छान कोमट आहे गं," तो म्हणाला.

ती टाकी आम्ही मुद्दाम थंडगार ठेवतो.

समुद्रफूल धडधाकट आहे की नाही, हे बघायची आमची एक रीत आहे. काचेची कांडी कातडीवर घासायची आणि सोंडेला टेकवायची. डंख सुटले की सोंड कांडीला चिकटते, ओढली तर रबरासारखी ताणली जाते. एका दुपारी घरी तो झोपलेला असताना मी एक कांडी त्याच्या मानेवर घासली आणि दुसरी माझ्या मनगटावर. मत्स्यालयात नेऊन टेकवल्या, तर माझी कांडी सोंडेनं गच्च धरली. त्याच्या कांडीवरून सोंड घसरून गेली.

मी समुद्रफूल बदललं. कांड्या बदलल्या. घरातला साबण बदलला. कोळंबी टाकली तर ती लगेच गट्टम. म्हणजे डंख शाबूत होते. माझं डोकंच चालेना. सांगणार तरी कुणाला, आणि काय? माझा नवरा समुद्रफुलांना चालतो म्हणून? लोकांनी मलाच वेड्यात काढलं असतं.

पण चिंगी रोज त्याच्याबरोबर पाण्यात उतरत होती. 

शेवटी मी तिला शाळेतून थेट मत्स्यालयात आणलं. तिची कांडी चिकटली तर तिला घेऊन आजच बहिणीकडे निघायचं, असं ठरवलं होतं. बॅग भरून टेबलाखाली ठेवली होती. चिकटली नाही तर काय, हे मी ठरवलंच नव्हतं.

कांडी गालावर फिरवली तशी ती खिदळली. "आई, गुदगुल्या!"

मी कांडी पाण्यात सोडली.

एक सोंड आली. कांडीला लागली. शेजारच्या सोंडेवरून फिरावी तशी तिच्यावरून फिरली आणि बाजूला झाली.

मी पुन्हा माझी कांडी टेकवली. ती इतकी गच्च धरली गेली की ओढताना सोंडेचा तुकडा पडला.

चिंगी माझ्याकडे बघत होती. माझीच पोर. माझ्या पोटातून आलेली. मी बॅग उचलली.

"चल. मावशीकडे जायचंय."

"बाबा?"

"बाबा नंतर येतील."

रस्त्यात गर्दी होती. तिनं नेहमीसारखा माझा हात धरला. आधी नुसती झिणझिण आली. मग आग. ही आग मी ओळखते, नोकरीत किती वेळा सोसली आहे. तिची बोटं होती तिथून माझ्या मनगटापर्यंत लाल, बारीक रेघा वर येत होत्या.

"दुखतंय का गं, आई?" चिंगीनं विचारलं. ती समोर रस्त्याकडे बघत होती.

"नाही गं," मी म्हणाले, आणि तिचा हात आणखी घट्ट धरला.