जुन्या वळणावरचा बेचाळीस

गंगापूर रोडवरच्या सोसायटीत लाइट गेली आणि थोड्या वेळानं इन्व्हर्टरही बसला, तेव्हा साक्षी आणि तेजल गच्चीवर आल्या. त्यांचे आजोबा, गेणू आबा, आधीच खुर्ची टाकून बसले होते. आबांनी रस्त्याच्या खात्यात छत्तीस वर्षं काढली, त्यातली शेवटची बारा मुकादम म्हणून. कोणी रस्त्याचं नाव काढलं की त्यांचं डोकं फिरायचं. कोणी काढलं नाही, तर ते स्वतःच काढायचे.

"आबा, भुताची गोष्ट सांगा ना," तेजल म्हणाली. "पण खरी."

"खरी हाय म्हणून तर आजपर्यंत सांगितली नाय. तो मोबाइल पालथा ठेव आधी. आणि मधी खीखी करायचं नाय."

मग आबा सांगू लागले.

नामपूरला रविराज नावाचा पेंटर हाय. चांगला पोरगा, फक्त तोंडाचा फटकळ. दुकानांच्या पाट्या, शाळेच्या भिंती, आमच्या रस्त्याचे किलोमीटरचे दगड, सगळं त्याच्या हातचं. काम झालं की कोपऱ्यात बारीक अक्षरात 'पेंटर रविराज' आणि खाली मोबाइल नंबर टाकायचा. सगळेच पेंटर टाकतात. दगडावर पुढून टाकला तर साहेब ओरडायचे, म्हणून हा मागच्या बाजूला टाकायचा.

गेल्या वर्षी फेब्रुवारीत साहेबांनी त्याला बोलावलं. काम किरकोळ होतं. ओढ्याच्या जुन्या वळणावर एक दगड हाय, त्याच्यावरचा बेचाळीस आकडा पुसून ये. बस, एवढंच.

आता तो बेचाळीस तिथं कसा राहिला ते ऐका, नायतर पुढचं डोक्यात शिरायचं नाय. हा रस्ता म्हणजे आधी नुसती गाडीवाट. बहात्तरच्या दुष्काळात बायामाणसांनी खडी फोडून तो बांधला. माझी आई, सुलाबाई, त्याच कामावर होती. मरेपर्यंत तिच्या हाताचे घट्टे गेले नाय. मग डांबर पडलं. मग तो राज्यमार्ग झाला. म्हणजे काय झालं? दगडांची डोकी हिरवी झाली आणि रस्त्याला नंबर आला! तो नंबर तीनदा बदलला. कोणता ते मी सांगत नाय, उद्या चौथा येईल. कधी मोजणी सटाण्याकडून, कधी उलटीकडून, आणि दर वेळी बिचाऱ्या रविराजनं सगळे आकडे खोडून नवे लिहायचे.

तीन वर्षांमागं ओढ्यावर नवा पूल झाला. रस्ता सरळ निघाला आणि दीड किलोमीटरचं वळण बाजूला पडलं. नव्या रस्त्यावर नवे दगड बसले, बेचाळीस पुढं सरकला. पण वळणावरचा बेचाळीस तसाच. एका रस्त्याला दोन बेचाळीस! मी साहेबांना म्हणालो, "हा दगड उपटा." साहेब म्हणाले, "मुकादम, एस्टिमेटमध्ये नाही." मी रविराजला म्हणालो, "बाबा, तू तरी आकडा पूस." तो म्हणाला, "मला दिलेल्या यादीत नाय." मग मीही गप्प बसलो. मला रिटायर व्हायला चार महिने होते. कशाला वाद घाला, म्हटलं. आजही त्याचा राग येतो मला. साहेबांचा नाय, माझा.

वळणावर चंद्रभागाबाईचा मळा. घरात ती आणि तिचा एकुलता पोरगा भिकन. पोरगा ओझरला विमानाच्या कारखान्यात कामाला होता. शनिवारची दुसरी पाळी संपली की मोटारसायकलनं घरी यायचा. दिवाळीनंतरच्या एका शनिवारी वळणावर त्याची गाडी घसरली. घसरणारच! जुन्या वळणाला वाली कोण? खडी सगळी वर आलेली. मांडी फाटली. म्हातारीकडं फोन नाय. रेंजची कधी एक दांडी, कधी तीही नाय. त्यात त्यानं कसाबसा अँब्युलन्सला फोन लावला. सांगितलं, बेचाळीसच्या दगडापाशी पडलोय.

अँब्युलन्स वेळेत आली. बेचाळीसलाच आली... नव्या.

तिथं कोण असणार? त्यांनी हॉर्न वाजवले, उलट फोन लावला, लागला नाय. गेले बिचारे परत. सकाळी दूधवाल्याला भिकन दिसला. दगडाला पाठ लावून बसलेला.

आता तीन महिन्यांनी साहेबांना तो दगड आठवला. का, तर वर तक्रार गेली. दगड उपटायचा कागद वेगळा, तो नाशिकला गेलेला. तोवर आकडा पूस म्हणाले.

रविराज डबा-ब्रश घेऊन गेला. पांढऱ्याचे दोन हात मारले. चंद्रभागाबाई मळ्यातून चालत आली आणि बांधावर बसली. "पूस रे भाऊ," ती म्हणाली. "माझा गेला. दुसऱ्या कोणाचा जायला नको." रविराजनं मान वर केली नाय. "पुसतो मावशी. शब्द देतो," एवढंच बोलला आणि गाडीला किक मारली.

सकाळी साहेबांकडून फोटो आला. दगडावर बेचाळीस. काळाकुळकुळीत.

"रविराज, चुना फासून आलास का?"

"साहेब, ऑइलपेंट हाय! दोन हात!"

"मग आकडा कुठून आला? माझ्या घरून?"

परत गेला. तीन हात मारले. सकाळी बेचाळीस. रविराजचं टाळकं सरकलं. कोणीतरी टवाळ पोरं करतायत म्हणून वळणावर उभा राहून त्यानं शिव्या हासडल्या. मग तारेचा ब्रश आणला, घासघास घासला, आतला दगड दिसेस्तोवर. हाताची सालटं निघाली. वरून पुन्हा पांढरा. सकाळी...

तेच.

"दगडाच्या पोटात लिहिलंय का रे कोणी!" तो घरी येऊन ओरडला. बायको, तृप्ती, म्हणाली, "अहो, सोडून द्या ना ते काम." तर तिच्यावरही खेकसला. कामाचं त्याला काही नव्हतं गं. साहेबांनी दम दिला होता की बुधवारी तपासणी हाय, आकडा दिसला तर तुला पुन्हा रस्त्याचं काम नाय. पण ते नव्हतं. त्यानं म्हातारीला शब्द दिला होता. आणि शब्द का दिला, ते तृप्तीलाही माहीत नव्हतं.

अकरा फेब्रुवारी. मंगळवार. अमावास्या-बिमावास्या काही नाय, उलट पौर्णिमेची आदली रात्र. दगडाची सावली दिसावी एवढं चांदणं. रविराज दहा वाजता एकटाच गेला. पुढून चार हात मारले. मग मागं गेला आणि स्वतःचं नाव आणि मोबाइल नंबरही पांढऱ्याखाली घातला. गाडी आडवी लावली आणि दगडासमोर बसला. आज बघतोच कोण येतं.

बारा वाजले. कोणी नाय.

एक वाजला. मळ्यातला कुत्रा भुंकत होता, तोही थांबला.

दोन वाजले. आकडा नाय. पांढरा दगड, पांढरं चांदणं. रविराजला वाटलं, सुटलो.

दोन वाजून सतरा मिनिटांनी त्याचा फोन वाजला.

स्क्रीनवर नाव नव्हतं. नुसता नंबर. तो नंबर त्याला पाठ होता.

कसा, ते सांगतो. दिवाळीनंतरच्या त्या शनिवारी, रात्री दोन सतरालाच, ह्याच नंबरावरून त्याला फोन आला होता. अँब्युलन्स येत नाय बघून भिकननं मोबाइलची बॅटरी मारली असेल. दगडाच्या मागं नाव दिसलं असेल. ज्यानं दगड लिहिला, त्याला तरी माहीत असेल, असं वाटलं असेल त्याला. आणि रविराज झोपेतून उठला. पलीकडून हळू आवाज आला, "दादा... हाऊ बेचाळीस कोणता शे?"

हा बेचाळीस कोणता, असं अहिराणीत कोण विचारतंय? रविराजला वाटलं, साहेबांचा कोणी माणूस असेल, नायतर प्यायलेला. आधीच आकडे खोडून खोडून वैतागलेला. म्हणाला, "बेचाळीस म्हणजे बेचाळीस! रात्रीचं डोकं नको खाऊ!" कट केला. फोन बंद करून झोपला.

सकाळी कळलं. तीन महिने हे त्यानं पोटात ठेवलं.

आणि भिकनचा मोबाइल चंद्रभागाबाईच्या पेटीत होता. काच फुटलेला. बंद.

फोन वाजत राहिला.

रविराजनं उचलला.

पलीकडं वारा... श्वास... मग...

"दादा... हाऊ बेचाळीस कोणता शे?"

रविराजनं दगडाकडं पाहिलं. ओल्या पांढऱ्यात काहीतरी काळं वर येत होतं. आधी चार. मग दोन.

"दादा..."

कट करावा वाटला. बोट कटवर गेलंही होतं.

नाय केला.

"जुना," रविराज म्हणाला. "भिकन, हा जुना हाय. वळणावरचा. चूक तुझी नाय रे. मी पुसला नव्हता. आणि तू फोन केलास तर मी..." ढसाढसा रडला तो, तिथं, एकटा.

पलीकडून परत तोच आवाज.



"मंग... येशात ना तुमी?"

"आलोय," रविराज म्हणाला. "इथंच हाय. जात नाय."

फोन कट झाला नाय. कोणी बोललंही नाय. रविराज फोन कानाला लावून दगडाच्या पुढ्यात बसून राहिला. कधीतरी बॅटरी संपली. तरी कानाला होता.

उजाडलं तेव्हा दगड पांढरा होता. आकडा नाय. तपासणीची गाडी आली, बघून गेली, साहेब म्हणाले, "हे आधीच नीट केलं असतं तर?" रविराजनं डबा-ब्रश गाडीला अडकवला. तो मळ्यात गेला आणि चंद्रभागाबाईला सगळं सांगितलं. फोन कट केल्याचंही. ती आत गेली आणि पाण्याचा तांब्या आणून त्याच्यापुढं ठेवला.

आबा थांबले. साक्षीनं तेजलचा हात धरला होता.

"संपली?" साक्षीनं विचारलं.

"मला त्यानं दुपारी फोन केला. मुकादम, दगड बघून जा म्हणाला. मी सटाण्याला भावाकडं होतो, लगेच गेलो. पुढून स्वच्छ. मग तो मला मागं घेऊन गेला."

"मागं काय होतं?"

"मागं त्यानं दहा वाजता नंबर पुसला होता, ना? त्या ओल्या रंगात बोटाचे ठसे. एका ओळीत. जिथं जिथं नंबरातला एकेक आकडा होता, तिथं तिथं एक. रंगाखालचा नंबर चाचपत चाचपत शोधावा तसे. आणि दगडाच्या मागं सगळी मऊ माती, तिथं एक पाऊल नाय." आबांनी आपलं बोट मांडीवर टेकवत टेकवत नेलं. "रविराजचं बोट लावून पाहिलं मी. बसलं नाय. माझंही लावलं, तेही नाय."

"मग आबा?"

"मग काय? उपटायचा कागद अजून नाशिकहून आला नाय. दगड तिथंच हाय. रविराजनं त्याच्यावर दोनदा पांढरा मारला. ठसे बुजत नाय. दहाच्या दहा."