मागच्या खोलीतली रात्र

तोल दुरुस्त करणाऱ्यांच्या धंद्यात एक नेम आहे. आपल्या माणसांच्या घरचा तोल आपण उघडायचा नाही, हात एका बाजूला झुकतो म्हणतात. ताईनं हा नेम आजवर पाळला होता. पण धाकट्या बहिणीच्या सासूबाईंचा फोन आला, "यंत्र घरघरतंय, आणि हिलाही बरं नाही. दुसऱ्या कुणाला पाठवू नका, तुम्हीच या," तेव्हा तिनं हत्यारांची पिशवी उचलली आणि भर दुपारी निघाली.

तोल म्हणजे काही मोठं प्रकरण नव्हे. शिवणयंत्राएवढी पेटी, आत एक जड चाक आणि एक सरकतं वजन. घरातल्या सगळ्या खोल्यांत वेळ सारखा चालावा, एवढंच त्याचं काम. तो बिघडला की स्वयंपाकघरात दूध नासतं आणि बाहेरच्या खोलीत चहा निवतच नाही. लोक जरा कुरकुर करतात, मेकॅनिकला बोलावतात आणि विसरून जातात.

दार एका म्हातारीनं उघडलं. केस पांढरे, गालफडं बसलेली, गाऊन खांद्यांवरून लोंबत होता.

"नमस्कार," ताई म्हणाली. "धाकटी आहे का घरात?"

म्हातारीनं दाराची चौकट धरली.

"ताई... मीच आहे गं."

ताईनं तिला नीट न्याहाळलं. या पोरीच्या वेण्या तिनं घातल्या होत्या, हात धरून शाळेत नेलं होतं. आणि मागे सासूबाई उभ्या होत्या, केस अजून काळेभोर! धाकटीचा नवरा बोटीवर, महिनोन् महिने घरी नसायचा. म्हणजे घरात या दोघीच. ताईच्या मनात संशयाची पाल चुकचुकली.

"बाळ कुठंय?" तिनं विचारलं.

"झोपलंय," दोघी एकदमच म्हणाल्या.

"आधी चहा घ्या," सासूबाई घाईनं म्हणाल्या. त्यांची नजर सारखी मागच्या बोळाकडे जात होती.

"चहा नंतर. यंत्र दाखवा."

तोल जिन्याखाली होता. वाटेतला बोळ पाहून ताई थबकली. बाकीचं घर लख्ख, आणि तिथं जमिनीवर बोटभर धूळ, भिंतीचा रंग सोललेला, कुंडीतलं झाड वाळून काडी झालेलं. बोळाच्या टोकाला मागच्या खोलीचं बंद दार, आणि दाराशी एक पाट. पाटाभोवती मात्र धूळ नव्हती.

"इथं कोण बसतं?"

"ती," सासूबाई पुटपुटल्या. "दिवसभर. दाराशी बोलत असते."

"बाळाशी?"

सासूबाईंनी जिन्याकडे बोट दाखवलं.

ताई वाकली. दाराखालच्या फटीशी गारवा जाणवत होता, औषधाचा वास येत होता. तिनं गाल जमिनीला टेकवून आत पाहिलं. बाहेर दुपारचं ऊन होतं आणि आत रात्र होती. पाळण्याखाली दिवा होता. त्याची ज्योत अजिबात हलत नव्हती.

ती उठली आणि जिन्याखालची पेटी उघडली. वजन पार एका कडेला सरकवलेलं. मागच्या खोलीतला वेळ अडवला होता आणि त्याचा सगळा भार बोळावर टाकला होता; तिथं बसेल त्याचं वय झरझर सरत होतं. सासूबाईंना फाडून खावं असं तिला वाटलं. तोंड उघडणार, तेवढ्यात तिला वजन बांधलेली तार दिसली. डाव्या हाताची, उलटी पिळलेली गाठ. बाबांची गाठ. त्यांच्या तोलाच्या कारखान्यात मांडीवर बसवून त्यांनी ती फक्त आपल्या दोन मुलींना शिकवली होती.

"तू केलंस हे?"

धाकटी भिंतीला टेकून उभी होती. "डॉक्टर म्हणाले, बाळाची ही रात्र निघणं कठीण आहे. मग मी ती निघूच दिली नाही."

"अगं, सहा महिन्यांचं पोर ते... आणि तू? आरशात बघितलंस का स्वतःला?"

"मला काय करायचाय आरसा? तो आहे ना आत."

"महिनाभरसुद्धा टिकायची नाही ही," सासूबाई रडत म्हणाल्या. "नातू हवाय हो मला. पण हिला अशी डोळ्यांदेखत जळू देऊ कशी? म्हणून तुम्हाला बोलावलं."

ताईला त्यांच्याबद्दल मनात आणलेल्या विचारांची लाज वाटली. धाकटीनं पुढं येऊन तिचा हात धरला. हात कागदासारखा हलका लागला.

"ताई, हात लावू नकोस. शपथ आहे तुला."

"नाही लावत," ताई म्हणाली. "तू जा, पाणी आण मला."

धाकटी वळली. ताईनं पक्कड लावली आणि गाठ सोडली. पोर वाचेल की जाईल, तिला ठाऊक नव्हतं. बहीण जाणार, हे मात्र दिसत होतं. तिचा हात झुकला तो बहिणीकडे.

वजन घसरून मध्ये आलं आणि अडवलेली सगळी वर्षं एकदम मागच्या खोलीत शिरली. चाकाची घरघर थांबली आणि संथ, सारखा आवाज सुरू झाला. दाराखालच्या फटीत उजेड आला. धाकटी परत वळली. तिघी कान देऊन उभ्या राहिल्या. रडणं नाही, खोकला नाही... काहीच नाही. सासूबाईंनी पदर तोंडात कोंबला.

मग आत पाळण्याची कडी करकरली. कुणीतरी जमिनीवर पाय टेकले. जड पावलं दारापर्यंत आली.

"आई," आतून आवाज आला. पुरुषाचा, घोगरा, शांत. "आज गप्प का?"

ताईच्या हातातली पक्कड गळून पडली. धाकटी मात्र दचकली नाही. तिनं गाऊनला हात पुसले, केस सारखे केले आणि रोजच्यासारखं म्हणाली, "आले हं, राजा."

आणि तिनं दाराच्या कडीला हात घातला.