तिसरं टेम्परिंग

तुम्ही म्हणाल, भरदुपारी कसली आलीत भुतं! पण आमच्या जळोचीच्या शेडमध्ये दुपारही अंधारीच असते. तापल्या पोलादाचा रंग उजेडात ओळखू येत नाही, म्हणून महिपतीतात्यांनी खिडक्यांना काळा रंग फासला होता. तात्या आमचे हार्डनिंगचे, म्हणजे पोलाद तापवून कडक करायचे मिस्त्री. उजव्या हाताला तीनच बोटं, स्वभावानं महाखट. काम अर्धवट टाकून जेवायलाही उठू द्यायचे नाहीत. दिवाळीत ते गेले.

त्यानंतर एका दुपारी इंदापूरहून हायस्पीड स्टीलचा, म्हणजे लोखंड कापायच्या पोलादाचा कटर आला, तातडीचा. शेडमध्ये मी आणि बायको प्राची. मी कटर धुतला आणि घाईत वाळवायचाच विसरलो. पोलाद तापवायच्या वितळलेल्या मिठाच्या भट्टीत पाण्याचा थेंब गेला, तर उकळतं मीठ उसळून तोंडावर येतं.

भट्टी घुमत होती. खारट, करपट वास सुटला होता. प्राचीनं कटर आकड्याला लावून भट्टीवर धरला... आणि झटक्यात मागं आली.

"तुमी वढलं व्हय मला?"

"मी हितं हाय की, दाराशी."

"मग कोण म्हणालं... वलं हाय, पोरी...?"

कटरच्या भोकातून फरशीवर पाणी टपकलं. तिच्या मनगटावर तीन बोटांचे वळ होते. खरं सांगतो, मला रडू आलं. तात्यांनी माझी बायको वाचवली होती.

कटर वाळवून हार्डनिंग केलं. त्यानंतर पोलाद आतून ताणलेलं राहतं. ते पुन्हा बेतानं तापवून गार करायचं, तेच टेम्परिंग. हायस्पीडला ते तीनदा लागतं. एक चुकलं, तर ठेवल्या जागी तडकतं.

पहिल्यांदा बाहेर काढला, तर कटरवर तीन बोटांचे पिवळसर ठसे. प्राचीचे वळही पिवळे. दुसऱ्यांदा ठसे तांबूस झाले. तिनं बांगड्या मागं सारल्या. मनगटही तांबूस... आणि चांगलंच तापलेलं.

"तिसरं नगं, अहो..."

मी भट्टी बंद केली, कटर कपाटात ठेवला आणि शेडला कुलूप लावलं.

सकाळी चहा गाळताना प्राचीच्या मनगटातून बारीक आवाज आला. टक्. मी तसाच शेडकडे पळालो. कुलूप जसंच्या तसं होतं. आत टेम्परिंगची भट्टी तापलेली होती आणि भट्टीत कटर होता. ठसे निळे झाले होते.

घरी आलो. प्राची बरी होती, आजही आहे. तिच्या मनगटावरचे ठसे निळे आहेत, हात लावला तर गार लागतात. फक्त त्या हातात काचेची बांगडी टिकत नाही. कासार भरतो, ती माझ्याकडे बघते, आणि... टक्.